चंद्र काढ

फेब्रुवारी. हाप्सालूच्या बंदरावरचं जुनं गोदाम.
आम्ही तिघं परीक्षक, एक हीटर,
आणि भिंतीला टेकवलेली एक्केचाळीस चित्रं.
सदतिसाव्यापाशी टाइवो थांबला.
मागच्या चिठ्ठीवर स्वच्छ अक्षरात टाइप केलेलं:
‘संगणकाकडून करवून घेतलं. हेल्दुर, निवृत्त खलाशी.’
लपवलं असतं तर कदाचित
बक्षीसही देऊन बसलो असतो.

गोठलेला समुद्र. चाकांच्या दोन रेघा
बऱ्याच आतपर्यंत जातात आणि मग जात नाहीत.
वर आकाश, अगदी रिकामं.
तरीही बर्फ उजळलेला, खालच्या बाजूने,
दुधाचं भांडं दिव्यावर धरावं तसा.

‘हा उजेड येतो कुठून?’ टाइवो म्हणाला.
‘इथेच यंत्र उघडं पडतं. सावल्या कळत नाहीत त्याला.’
उर्वे म्हणाली, ‘सुंदर आहे.
पण यात माणसाचा हात कुठाय?’
मी मान डोलावली.
हीटरजवळच्या खुर्चीवरून मान डोलावणं सोपं असतं.

नियमाप्रमाणे त्याला बोलावलं.
आला. टोपी काढायला गेला
आणि हात असा थरथरला की टोपी उडून
माझ्या पायाशी पडली.
ती उचलून देईपर्यंत
कोणी कोणाकडे पाहिलं नाही.

‘चंद्राने नाकी नऊ आणले,’ तो म्हणाला.
‘मी सांगितलं: रात्र, बर्फ, भावाची गाडी.
त्याने चंद्र घातला.
म्हटलं, नव्हता त्या रात्री. चंद्र काढ.
त्याने आणखी मोठा काढला.
म्हटलं, अमावास्या. त्याने कोर काढली.
बर्फ आणि रात्र म्हटलं की चंद्र हवाच,
असं कोणी शिकवलंय त्याला, देव जाणे.
दोनशे तेरा वेळा. बोटं चालत नाहीत,
एकेक अक्षर कोपराने दाबल्यासारखं.
गाडीही पुसून टाकली मग, ती नीट जमतच नव्हती,
आमची मोस्कविच होती, तो काहीतरी जर्मन दाखवायचा.
दोनशे तेराव्याला चंद्र गेला
आणि त्याचा उजेड मात्र तिथेच विसरला.
तिथे मी थांबलो.’

‘पण ती तर चूक झाली,’ टाइवो म्हणाला, जरा हळू.

‘हो ना,’ हेल्दुर म्हणाला. ‘त्याची चूकच.
गाडी बुडाली तरी पुढचे दिवे जळत होते.
बर्फाखालून. किती वेळ ते सांगता येणार नाही.
मी वर उभा होतो.’

हीटर मधेच कट्ट करून बंद होतो,
तसा झाला.

आम्ही मतं दिली. दोन विरोधात, एक कोरं.
विरोधातलं एक माझं.
नियमात ‘स्वहस्ते’ असा शब्द आहे,
आणि शब्दाला धरून राहिलं की
बाकी काही धरावं लागत नाही.
चित्र वर्तमानपत्रात गुंडाळून त्याच्या काखेत दिलं.
दाराशी तो म्हणाला, ‘तुमचं बर्फाचं चित्र आहे ना,
बँकेत लावलेलं? छान आहे.
लहानपणी पाहिलेलं दिसतंय.’

घरी येऊन तो ताम्रपट काढला.
तीस वर्षांपूर्वीचा, ज्यावर माझं नाव झालं.
गोठलेला समुद्र, होड्या, डाव्या कोपऱ्यात चंद्र.
मी टार्टूची. हिवाळ्यातला समुद्र
तेव्हा एकदाच पाहिला होता, दुपारी, बसमधून.
कोपरा मोकळा वाटत होता,
म्हणून चंद्र.

तांब्यावर चंद्र पुसता येत नाही.
चंद्र म्हणजे जिथे आपण आम्ल पोचू दिलं नाही
ती जागा. तिथे पुसायला काही नसतंच.
काढायचा तर रेघा भराव्या लागतात,
जवळ जवळ, अंधार होईस्तोवर.
सुई घेऊन बसले. दिवा खाली ओढला.
हात स्थिर आहे माझा अजून,
सगळे म्हणतात.

तीन वाजता एक छाप काढून पाहिला.
दिसतो.